बाईंची शेवटची फिल्म

नवऱ्याने टेक्सासची बदली स्वीकारली तेव्हा मी शिकागोत एका फ्रेंच बाईंच्या हाताखाली फिल्म एडिटिंगचं काम करत होते. एडिटिंगचं शिक्षण मी पुण्यात घेतलं होतं. माझे वडील नागपूरला शाळेत हेडमास्तर होते. त्यांनी मला या कोर्सला जाऊ दिलं, तेव्हा नातेवाईक विचारायचे, "एडिटिंग म्हणजे कुठल्या पेपरात?" वडिलांनाही नीट सांगता यायचं नाही. ते म्हणायचे, "सिनेमा शिवते ती." मला ते उत्तर आवडायचं.

मग लग्न झालं आणि मी अमेरिकेत आले. नवरा केमिकल इंजिनिअर, नोकरी एका रिसर्च लॅबमध्ये. शिकागोजवळ नेपरव्हिलला भाड्याचं घर होतं. सकाळी तो गाडी घेऊन गेला की मी खिडकीशी उभी राहायची. आमच्या रस्त्यावर माणसं दिसतच नसत. संध्याकाळी एकेक गाडी यायची, गॅरेजचं दार आपोआप वर जायचं, गाडी आत शिरायची, दार खाली यायचं. समोरच्या घरात कोण राहतं हे मला वर्षभर कळलं नव्हतं.

मराठी माणसं होती तशी. शनिवारी एका पुण्याच्या काकूंचा फोन यायचा. गणपतीत त्यांनी सहज विचारलं, "तुमच्याकडे दीड दिवसाचा की पाच?" मी म्हटलं, "काकू, आमच्याकडे नसतो. आम्ही बौद्ध." त्या म्हणाल्या, "अगं, मग जेवायला तरी ये." बोलल्या ते मनापासूनच. पण त्यानंतर त्यांचा फोन आला की आम्ही दोघीही जरा जपूनच बोलायला लागलो. नागपूरला आमच्या गल्लीत संध्याकाळी विहारातून वंदनेचे सूर यायचे, कुणाला काही सांगावं लागायचं नाही. इथे प्रत्येक गोष्ट सांगावी लागायची, आणि सांगितली की समोरचं माणूस किंचित दूर सरकायचं.

ग्रीन कार्ड आलं आणि मला काम करता येईल असं झालं. शहरात एका कॉलेजच्या फिल्म क्लबमध्ये जुने सिनेमे दाखवत, तिथल्या बोर्डावर मी एक चिठ्ठी पाहिली. एडिटरला मदतनीस हवा आहे. मी फोन केला आणि दुसऱ्याच दिवशी ट्रेनने गेले.

विटांची जुनी इमारत होती. लिफ्ट बंद होती. वरच्या मजल्यावर दार उघडलं ते एका उंच, किडकिडीत बाईंनी. साठीच्या आसपासच्या असाव्यात. पांढरे केस कानापाशी कापलेले, हातात पांढरे सुती मोजे. त्यांनी माझं शिक्षण विचारलं नाही, पुण्याच्या कोर्सचा कागद पाहिला नाही.

"काम करताना तू बोलतेस का?" त्यांनी विचारलं.

"नाही."

"गुणगुणतेस?"

"नाही."

"मग कोट तिथे अडकव."

मी त्यांना मॅडम म्हणायचे. मनात मात्र बाई म्हणायचे, शाळेतल्या बाईंना म्हणावं तसं, आणि आजही तेच तोंडात येतं.

खोली लहान होती. मधोमध एडिटिंगचं टेबल, त्यावर एका बाजूला चित्राची रिळं आणि दुसऱ्या बाजूला आवाजाची. भिंतीशी कापडी पिशवी लावलेली मोठी पेटी. तिच्यावरच्या खिळ्यांना कापलेले फिल्मचे तुकडे वाळत घातलेल्या शेवयांसारखे लोंबायचे. ते तुकडे नीट लावून ठेवणं, बाईंनी मागितला की तो नेमका काढून देणं हे माझं काम. खिडकीबाहेरून शहराची, रस्त्यावर उंच खांबांवरून धावणारी रेल्वे जायची. ती गेली की टेबल थरथरायचं. बाई मशीन थांबवून हात मांडीवर ठेवायच्या आणि गाडी जाईपर्यंत तशाच बसून राहायच्या.

त्या बोलायच्या फक्त जेवताना. मी डब्यात पोळीभाजी न्यायची, त्या पाव, चीज आणि एक सफरचंद. सफरचंद त्या सुरीने कापून खायच्या, चावून कधीच नाही. या जेवणांमधून मला त्यांची सगळी कारकीर्द तुकड्यातुकड्याने कळत गेली.

दुसरं महायुद्ध संपल्यावर पॅरिसमधल्या एका फिल्म लॅबमध्ये त्या निगेटिव्ह चिकटवायला लागल्या. तेव्हा शाळकरी मुलगीच होत्या. तिथे सगळ्या बायकाच होत्या. "पुरुषांना वाटायचं हे शिवणकाम आहे," त्या म्हणाल्या. मी त्यांना माझ्या वडिलांचं वाक्य सांगितलं तेव्हा त्या हसल्या. "तुझ्या वडिलांनी ते कौतुकाने म्हटलं. आमच्याकडे पगार ठरवताना म्हणायचे."

पुढे त्या एका एडिटरच्या मदतनीस झाल्या, मग स्वतः एडिटर. एका दिग्दर्शकाचे बरेच सिनेमे त्यांनीच केले. त्याला कॅलिफोर्नियात सिनेमा करायला बोलावणं आलं, तो बाईंना घेऊन आला. सिनेमा झाला, पण तिथल्या स्टुडिओच्या मालकांना तो पसंत पडला नाही. त्यांनी रिळं काढून घेतली आणि दुसऱ्याकडून पुन्हा कापून घेतली. दिग्दर्शक चिडून परत गेला.

"तुम्ही नाही गेलात?"

"मी एका साउंडवाल्याच्या प्रेमात पडले होते. त्याचा आवाज फार चांगला होता."

साउंडवाला शिकागोचा. लग्न करून त्या इकडे आल्या. काही वर्षांनी तो परत कॅलिफोर्नियाला गेला, एकटा. बाई राहिल्या. इथे सिनेमे नव्हते. होत्या त्या जाहिराती, शाळांसाठी दात कसे घासावेत अशा फिल्म आणि शेतीच्या यंत्रांच्या फिल्म. "माझ्या हाताखालून जेवढे ट्रॅक्टर गेले तेवढ्या नट्या गेल्या नाहीत," असं त्या म्हणायच्या. तक्रारीच्या सुरात नाही. सफरचंदाची फोड सुरीच्या टोकावर घेऊन, बाहेर बघत.

मी आले तेव्हा त्यांच्याकडे एका माहितीपटाचं काम होतं. इलिनॉयमधल्या, म्हणजे आमच्याच राज्यातल्या एका शेतकरी खेड्यातली शाळा बंद झाली होती. कॉलेजात शिकवणाऱ्या एका दिग्दर्शकाने त्या शाळेचं शेवटचं अख्खं वर्ष चित्रित केलं होतं. शांत, दाढीवाला माणूस. रिळांचे डबे आणून द्यायचा आणि "तुम्ही बघा" म्हणून जायचा. आम्ही महिनोन्‌महिने ती मुलं बघत होतो. कोण डावखुरं, कोण बोलायच्या आधी ओठ चावतं हे मला पाठ झालं होतं. नेपरव्हिलमध्ये मी ओळखत होते त्यापेक्षा जास्त माणसं मी त्या टेबलावर ओळखायला लागले होते.

पानगळ सुरू झाली तेव्हा नवऱ्याने बदलीचं सांगितलं. टेक्सासमध्ये ह्यूस्टनजवळ शुगर लँडला ऑफिस होतं, पद वरचं होतं.

"मी हो म्हणून टाकलंय," तो म्हणाला. "तू काय करतेस?"

"फिल्म संपली की येते."

"किती दिवस लागतील?"

"ख्रिसमसपर्यंत संपेल."

तो भला माणूस. वाद घातला नाही. जाण्याआधी त्याने गाडीला बर्फाचे टायर लावून दिले आणि मला ड्रायव्हिंगची उजळणी करायला लावली. तो गेला त्या रविवारी मी दिवसभर टीव्ही चालू ठेवला, घरात कुणीतरी बोलत राहावं म्हणून.

पुढच्या एका शनिवारी फोन वाजला. मला वाटलं पुण्याच्या काकू. पण बाई होत्या. त्यांनी घरी कधी फोन केला नव्हता.

"उद्या दुपारी मोकळी आहेस?"

शहराच्या दक्षिणेकडच्या विद्यापीठात एक जुना फ्रेंच सिनेमा दाखवणार होते. बाईंच्या तरुणपणचा, त्यांनी कापलेला. पाहून त्यांना कित्येक वर्षं झाली होती. आम्ही मागच्या रांगेत बसलो. प्रेक्षक बहुतेक विद्यार्थी, कोट मांडीवर घेतलेले. सिनेमा सुरू झाला आणि थोड्या वेळाने मला जाणवलं की बाईंचं बोट खुर्चीच्या हातावर हलतंय. कट, म्हणजे एका शॉटवरून दुसऱ्यावर उडी, येण्याच्या किंचित आधी ते उचललं जायचं आणि कट पडला की खाली यायचं. एकदाही चुकलं नाही. त्या फिल्म पाहत नव्हत्या, पुन्हा कापत होत्या.

मध्ये एक प्रसंग होता. नायक रस्त्यात उभा राहून वर बघतो. वरच्या मजल्यावर एक मुलगी खिडकीशी येते, खाली पाहते आणि खिडकी लावून घेते. बास, एवढंच. तिथे बाईंचं बोट उचललंच गेलं नाही. मी त्यांच्याकडे पाहिलं, मग पडद्याकडे. तोपर्यंत ती मुलगी निघून गेली होती. पण खिडकी लावताना वळलेली तिची मान मला दिसली होती, आणि आता मी ती ओळखली. टेबलावर रोज बाजूने पाहत होते ती मान.

सिनेमा संपल्यावर आम्ही जवळच्या एका ठिकाणी कॉफी घेतली.

"खिडकीतल्या तुम्ही होतात?"

"शूटिंग संपलं होतं. मला तिथे एक शॉट हवा होता आणि नट्या सगळ्या घरी गेल्या होत्या. दिग्दर्शक म्हणाला, मग तूच उभी राहा." त्यांनी कप फिरवला. "त्या वयातला माझा एकही फोटो माझ्याकडे नाही. सगळे अल्बम नवऱ्याच्या सामानात गेले. परत पाठव म्हणून सांगायचं राहून गेलं. आता बघायचं असेल तर कुणीतरी हा सिनेमा लावायची वाट बघावी लागते."

ट्रेनने घरी येताना माझ्या डोळ्यांसमोर ती खिडकी लावून घेणारी मुलगी येत राहिली. हॉलमधल्या इतक्या माणसांनी तिला पाहिलं होतं, आणि ती तिथेच मागच्या रांगेत बसलेली आहे हे कुणालाच ठाऊक नव्हतं.

ख्रिसमस आला आणि गेला. फिल्म संपेना. नवरा सुट्टीत येऊन गेला. आम्ही दोघं बर्फ उपसायचो, खिचडी करून खायचो. परत जाताना त्याने पुन्हा विचारलं नाही, पण जानेवारीत फोनवर म्हणाला, "तुला यायचंय ना?"

"यायचंय."

"मग ठीक. मी आपला विचारून ठेवलं."

काम तर रोज चालू होतं. पण शेवटच्या रिळात, शाळेच्या अखेरच्या दिवसाच्या प्रसंगात, काहीतरी वेगळं चाललंय हे हळूहळू माझ्या लक्षात यायला लागलं. एक मुलगा फळ्यावरची अक्षरं पुसतो, तो शॉट बाईंनी काढून टाकला. आठवड्याने परत लावला. मग थोडा छोटा केला. मग छोटा केलेला तुकडा माझ्याकडे मागितला आणि पुन्हा जोडला. मी खिळ्यावरून जे तुकडे काढून द्यायची ते मीच आधी कधीतरी तिथे लावलेले असायचे. जोडांवरची टेप काढून काढून फिल्मच्या कडा ढिल्या पडल्या होत्या.

बाईंना कळत नव्हतं असं नाही. त्यांचा हात पूर्वीइतकाच पक्का होता. फक्त त्या सकाळी माझ्या आधी येऊन बसलेल्या असायच्या, आणि संध्याकाळी मी कोट घातला की म्हणायच्या, "उद्या हे पुन्हा एकदा बघू." सुतारकाम करणारा माणूस तयार खुर्चीवरून उगाच हात फिरवत राहतो तसं. पुढचं काम आलेलं नव्हतं. फोन वाजायचा तो चुकीच्या नंबरचा. खालच्या मजल्यावरच्या जाहिरातवाल्यांनी व्हिडिओची यंत्रं आणली होती आणि त्यांची फिल्मची टेबलं बाहेर जिन्यात उभी करून ठेवली होती. त्या टेबलांना वळसा घालूनच आम्हाला वर यावं लागायचं.

मीही तुकडे काढून देत राहिले. खरं सांगायचं तर मलाही सकाळच्या ट्रेनची सवय झाली होती. त्या खोलीत दोन माणसं होती, आणि घरी एक.

एका बर्फाच्या दिवशी दिग्दर्शक आला. बूट झटकून, टोपी हातात घेऊन खुर्चीवर बसला आणि सगळी फिल्म पहिल्यापासून पाहिली. शेवटचं रीळ संपून फिल्मचं टोक फटफट आपटायला लागलं. बाईंनी मशीन बंद केलं.

"हे शेवटचं रीळ मी नोव्हेंबरमध्ये पाहिलं होतं," तो म्हणाला.

"हो."

"हेच?"

"हेच."

तो माझ्याकडे बघायला लागला. मी खिळ्यांवरचे तुकडे सारखे करत राहिले. बाईंनी हातातले मोजे काढले, एकेक बोट सावकाश ओढत, आणि ते टेबलावर ठेवले.

"तिला विचारू नका," त्या म्हणाल्या. "फिल्म थँक्सगिव्हिंगच्या आधीच पूर्ण झाली होती."

"मग सांगितलं का नाही?"

बाईंनी खिडकीकडे पाहिलं. "बाहेर थंडी होती."

रेल्वे गेली. टेबल थरथरलं आणि थांबलं. तो माणूस चिडेल असं मला वाटलं होतं. त्याने टोपीची किनार बोटांत फिरवली. मग म्हणाला, "कॉफी आहे का?" मी कॉफी केली. निघताना त्याने दारात उभं राहून सांगितलं की पुढची फिल्म तो व्हिडिओवर करणार आहे, कॉलेजने तशी यंत्रं घेतली आहेत.

"मला अंदाज होता," बाई म्हणाल्या. "चांगली करा."

वसंतात त्या खेड्यातच, शाळेच्या व्यायामशाळेत, फिल्म दाखवली. आम्ही तिघंही दिग्दर्शकाच्या गाडीतून गेलो. दोन्ही बाजूंना नुकती नांगरलेली काळी जमीन होती, विदर्भातल्यासारखीच काळी, फक्त कुठेही माणूस नाही. व्यायामशाळेत मात्र अख्खं गाव जमलं होतं. लोखंडी खुर्च्या, भिंतीला बांधलेला पडदा. फिल्म चालू असताना लोक बोलतच होते. "तो बघ आपला धाकटा." "अगं, ही अजून तोच स्वेटर घालते." पोरं स्वतःला पाहून खिदळत होती. फळा पुसण्याच्या शॉटला, ज्यावर आम्ही सगळा हिवाळा घालवला होता, एक म्हातारे गृहस्थ मोठ्याने म्हणाले, "तो फळा मी बसवलाय." आणि सगळे हसले.

मी घाबरून बाईंकडे पाहिलं. त्यांचा चेहरा इतका मोकळा मी कधी पाहिला नव्हता.

"कुणीही माझा एकही कट पाहिला नाही," त्या माझ्या कानात म्हणाल्या.

नंतर एका आजीबाईंनी त्यांना ॲपल पायचा तुकडा वाढून दिला आणि विचारलं, "तुमचं बोलणं इकडचं नाही वाटत. कुठल्या तुम्ही?"

"शिकागोची," बाई म्हणाल्या.

परतताना त्या गाडीत झोपल्या. झोपेत त्यांचं डोकं माझ्या खांद्यावर आलं. ते अलगद हलवावं की राहू द्यावं हे मला ठरवता येईना, म्हणून मी शिकागो येईपर्यंत तशीच बसून राहिले.

त्या महिन्यात खोली रिकामी झाली. टेबलाचे भाग सुटे करून दोघा माणसांनी खाली नेले. बाईंची एक बहीण फ्रान्समध्ये समुद्राकाठच्या गावात राहायची. तिच्याकडे कायमचं जायचं त्यांनी ठरवलं. मी शुगर लँडला आले. दमट हवा, सपाट रस्ते, कुठेही जायचं तर गाडी. नवऱ्याने घरात माझ्यासाठी एक खोली ठेवली होती, तुझ्या कामाची म्हणून. तिच्यात काय ठेवायचं हे दोघांनाही सुचलं नव्हतं. पुढे मला एका हॉस्पिटलच्या आरोग्यशिक्षण विभागात व्हिडिओ एडिटिंगचं काम मिळालं. बटणं दाबायची. हाताला काहीच लागायचं नाही.

पावसाळी ढगांच्या एका दुपारी फोन आला.

"मी शिकागोत आहे," बाई म्हणाल्या.

"फिरायला?"

"नाही. परत आले. तिथे मंडईत एका पोराने विचारलं, तुम्ही कुठल्या? मी म्हटलं, इथलीच. तो म्हणाला, नाही, तुम्ही जुन्या सिनेमातल्यासारखं बोलता. बहिणीला सांगितलं तर ती म्हणाली, खरंच आहे त्याचं."

त्या हसत होत्या, पण ते हसू लांबून ऐकू येत होतं. मी दोन वर्षांत नागपूरला गेले नव्हते. माझं बोलणं आता कसं वाटत असेल, असं मनात आलं आणि मी ते बोलून दाखवलं नाही.

शिकागोच्या उपनगरातल्या एका लायब्ररीत त्यांना काम मिळालं होतं. शाळांना देण्यासाठी तिथे जुन्या फिल्म होत्या, वापरून वापरून फाटलेल्या. त्या फिल्म बाई दुरुस्त करायच्या. पुढच्या उन्हाळ्यात मी भेटायला गेले, तेव्हा तळघरातल्या एका टेबलाशी त्या बसल्या होत्या, मोजे घालून. आम्ही बाकावर बसून डबा खाल्ला. मला दिवस गेले होते. ते मी त्यांना सांगितलं. त्यांनी माझा हात हातात घेतला, थोडा वेळ धरला आणि ठेवून दिला.

मुलगी झाल्यावर मी फोन केला. तो नंबर बंद होता. लायब्ररीत फोन केला तर तिथली मुलगी म्हणाली, फिल्म सगळ्या काढून टाकल्या, आता कॅसेटच ठेवतो. बाई हिवाळ्यातच काम सोडून गेल्या. कुठे, ते तिला माहीत नव्हतं. दिग्दर्शकालाही विचारून पाहिलं. त्यालाही माहीत नव्हतं.

नवरा म्हणतो, त्या फ्रान्सला गेल्या असतील, बहीण होती ना. मला तसं वाटत नाही. पण मग कुठे, हेही मला सांगता येत नाही. कधी कधी एखादा जुना फ्रेंच सिनेमा टीव्हीवर लागला की मी नवऱ्याला आवाज कमी करायला सांगते आणि एखाद्या खिडकीत ती मान दिसते का ते पाहत, सिनेमा संपेपर्यंत उठत नाही.